दूध पचत नाही? मग कोणत्या पदार्थात किती लॅक्टोज असतं, ते आधी पाहा

"मला दूध सोसत नाही," असं सांगणारं एखादं तरी माणूस आपल्या प्रत्येक खानदानात सापडतं. दूध प्यायलं की तासा-दोन तासांत पोट फुगतं, गुडगुड होते, मुरडा येतो, कधी जुलाबही होतात. अशा माणसाच्या बाबतीत घरात सहसा दोन गोष्टी घडतात. एक तर "काही होत नाही, ईद रोज येते का?" म्हणत त्याच्यापुढे शीरखुर्म्याची दुसरी वाटी सरकवली जाते. नाहीतर दूध, दही, पनीर, तूप असं सगळंच त्याच्या ताटातून कायमचं बंद केलं जातं.

पहिल्यात त्रास आहे आणि दुसऱ्यात नुकसान. वाढत्या वयाची मुलं, गरोदर महिला, बाळाला अंगावर पाजणाऱ्या आया आणि पन्नाशी ओलांडलेल्या स्त्रिया यांनी कारण नसताना दही-ताकसुद्धा सोडलं, तर हाडांना लागणारं कॅल्शियम कमी पडू शकतं. प्रत्यक्षात दुधापासून झालेले सगळे पदार्थ या बाबतीत सारखे नसतात. तुपात लॅक्टोज जवळजवळ नसतं, तर खव्यात ते दुधाच्या चार-पाचपट असतं. म्हणून "दुधाचं आहे का?" याऐवजी "यात लॅक्टोज किती, आणि माझ्या वाटणीला किती?" हा प्रश्न विचारला पाहिजे.

लॅक्टोज म्हणजे काय, आणि त्रास का होतो?

लॅक्टोज ही दुधातली नैसर्गिक साखर. मराठीत तिला दुग्धशर्करा म्हणतात. ग्लुकोज आणि गॅलॅक्टोज या दोन लहान साखरा जोडून ती बनलेली असते. ही जोडी जशीच्या तशी रक्तात जात नाही. लहान आतड्याच्या आतल्या थरात लॅक्टेज नावाचं पाचक द्रव्य तयार होतं आणि ते ही जोडी तोडतं. (नावं सारखी वाटतात, म्हणून लक्षात ठेवा : लॅक्टोज ही साखर, लॅक्टेज हे तिला तोडणारं द्रव्य.)

तान्ह्या बाळाचं पोट दुधावरच चालतं, त्यामुळे जन्मतः हे द्रव्य भरपूर असतं. दूध सुटल्यानंतरच्या वर्षांत बहुतेक माणसांत ते हळूहळू कमी होत जातं. जगातल्या साधारण दोन तृतीयांश लोकांच्या बाबतीत असं होतं. म्हणजे हा काही आजार नाही की कमजोरीही नाही. ज्या समाजांनी हजारो वर्षं जनावरं पाळून दूध प्यायलं, त्यांच्यात मोठेपणीही लॅक्टेज टिकवणारा बदल पिढ्यान्‌पिढ्या पसरला. युरोपात आणि आपल्याकडे, विशेषतः उत्तर-पश्चिम भारतात, एका प्रकारचा जनुकीय बदल सापडतो. अरबस्तानात त्याहून वेगळा बदल आढळतो आणि संशोधक त्याचा संबंध उंट पाळण्याशी जोडतात. त्यामुळे एकाच घरात एक भाऊ दोन ग्लास दूध आरामात पितो आणि दुसऱ्याला अर्धा ग्लासही जड जातो, यात नवल काही नाही.

न तुटलेलं लॅक्टोज पुढे मोठ्या आतड्यात जातं. तिथले जिवाणू त्यावर ताव मारतात आणि त्यातून गॅस तयार होतो. शिवाय ही साखर आतड्यात पाणी ओढून घेते, म्हणून पोट पातळ होतं. त्रास किती होणार, हे मुख्यतः लॅक्टोज किती खाल्लं यावर ठरतं.

मग किती चालतं?

अमेरिकेतल्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेने २०१० साली भरवलेल्या तज्ज्ञ परिषदेने आणि त्याच वर्षी युरोपीय अन्नसुरक्षा प्राधिकरणाने या प्रश्नाचा आढावा घेतला. दोन्हीकडचं मत जवळपास सारखं आहे. ज्यांना लॅक्टोज नीट पचत नाही, अशा बहुतेक मोठ्या माणसांना एका वेळी १२ ग्रॅमपर्यंत लॅक्टोज फारसा त्रास न होता चालून जातं. १२ ग्रॅम म्हणजे साधारण २५० मिलिलिटरचा एक ग्लास दूध. जेवणाबरोबर घेतलं आणि दिवसभरात विभागून घेतलं, तर आणखी थोडं जास्तही सोसतं.

हा आकडा प्रत्येकाला तंतोतंत लागू होईल असं नाही. कुणाला ५-६ ग्रॅमलाच पोट गच्च होतं, कुणाला १५ ग्रॅमही कळत नाही. पण हिशोबाला १२ ग्रॅमची खूण धरली की पुढचं सगळं सोपं होतं.

एक सोपा नियम : लॅक्टोज पाण्याबरोबर राहतं

लॅक्टोज दुधाच्या पाण्यात विरघळलेलं असतं, स्निग्धांशात म्हणजे साय-लोण्याच्या भागात नाही. ही एक गोष्ट समजली की कुठल्याही पदार्थाचा अंदाज स्वयंपाकघरातच करता येतो.

दुधातलं पाणी गाळून बाहेर काढलं, तर त्याबरोबर लॅक्टोजही जातं. पनीर, चक्का, चीज यांचं असंच होतं. दूध नुसतं आटवलं, तर वाफ होऊन पाणी उडून जातं, पण साखर पातेल्यातच राहते. खवा, रबडी, बासुंदी, दुधाची पावडर यांचं असं होतं. विरजण लावलं, तर जिवाणू काही लॅक्टोज स्वतः खाऊन त्याचं आम्ल करतात. आणि फक्त स्निग्धांश वेगळा काढला, तर लॅक्टोज मागेच राहतं. लोणी आणि तूप ही त्याची उदाहरणं.

१०० ग्रॅम पदार्थात लॅक्टोज किती? (अंदाजे, ग्रॅममध्ये)

- गाईचं दूध : ४.५ ते ५
- म्हशीचं दूध : ५ च्या आसपास
- शेळीचं दूध : ४ ते ४.५
- आईचं दूध : ७ च्या आसपास
- घरचं दही : ३ ते ४
- पातळ ताक : १ ते २
- पनीर : २ ते ३
- लोणी : १ पेक्षा कमी
- तूप : जवळजवळ शून्य
- मुरवलेलं कडक चीज, उदा. चेडर : ०.५ पेक्षा कमी
- आइस्क्रीम : ४ ते ७
- मिल्क चॉकलेट : ६ ते १०
- डब्यातलं गोड कंडेन्स्ड दूध : ११ ते १३
- खवा किंवा मावा : २० ते २५
- साय न काढलेल्या दुधाची पावडर : ३६ ते ३९
- साय काढलेल्या दुधाची पावडर : ५० च्या आसपास
- नारळाचं, बदामाचं, सोयाबीनचं दूध : शून्य (वरून दुधाची पावडर घातली नसेल तर)

जनावराची जात, चारा, विरजणाचा वेळ आणि दूध किती आटवलं यांनुसार हे आकडे थोडे मागेपुढे होतात. तुलना करायला मात्र ते पुरेसे आहेत. आणि पावडरीचा आकडा बघून घाबरू नका. कुणी १०० ग्रॅम पावडर एकदम खात नाही. चहात टाकलेल्या एका चमच्यात, म्हणजे ५ ग्रॅम पावडरीत, दोन-अडीच ग्रॅमच लॅक्टोज असतं.

दूध : गाय, म्हैस, शेळी की उंटीण?

"म्हशीचं बंद करून शेळीचं सुरू करा," असा सल्ला गावाकडे हमखास मिळतो. वरचे आकडे पाहिले तर फरक अर्ध्या-पाऊण ग्रॅमचा आहे. उंटिणीचं दूधही याच पट्ट्यात येतं. म्हशीचं दूध जड वाटतं ते त्यातल्या जास्तीच्या स्निग्धांशामुळे. टोन्ड, डबल टोन्ड किंवा साय काढलेल्या दुधातही लॅक्टोज तेवढंच असतं, कारण काढली जाते ती साय. ए-टू म्हणून महाग विकलं जाणारं दूध प्रथिनाच्या प्रकारात वेगळं आहे, लॅक्टोजमध्ये नाही. आणि दूध उकळल्याने लॅक्टोज नष्ट होत नाही, कितीही वेळा उकळलं तरी.

चहाचं काय? अर्धं दूध, अर्धं पाणी घालून केलेल्या १०० मिलिलिटरच्या कपात जवळपास अडीच ग्रॅम लॅक्टोज येतं. एका कपाने सहसा बिघडत नाही. पण कारखान्यात किंवा दुकानावर बसून दिवसात सात-आठ कडक दुधाळ चहा होत असतील, तर बेरीज १७ ते २० ग्रॅमपर्यंत जाते. ती दिवसभरात विभागलेली असते, म्हणून बऱ्याच जणांना निभावते. तरीही ज्यांचं पोट रोज संध्याकाळी फुगतं, त्यांनी आठवडाभर काळा चहा किंवा सुलेमानी पिऊन पाहावा.

दही, ताक, लस्सी

दह्यात विरजणाचे जिवाणू दुधातल्या लॅक्टोजचा साधारण पाव ते एक तृतीयांश भाग संपवतात. दही जितकं आंबट, तितकं लॅक्टोज थोडं कमी. पण दही सोसण्याचं खरं कारण वेगळंच आहे. जिवंत दह्यातल्या जिवाणूंकडे लॅक्टोज तोडणारं स्वतःचं द्रव्य असतं आणि ते आपल्या आतड्यात गेल्यावरही काम करतं. शिवाय दही घट्ट असल्याने पोटातून सावकाश पुढे सरकतं. म्हणूनच एक कप दूध न सोसणारा माणूस एक वाटी दही आरामात खातो.

दही खूप उकळलं तर ते जिवाणू मरतात. तरी कोर्मा किंवा बिर्याणीची चिंता करू नका. एक किलो गोश्ताला पाव किलो दही लावलं आणि सहा जणांनी खाल्लं, तर एकाच्या वाटणीला दीड-पावणेदोन ग्रॅम लॅक्टोज येतं. तेही जेवणाबरोबर.

ताक हा सगळ्यात सोयीचा पदार्थ. ६०-७० ग्रॅम दह्यात पाणी घालून केलेल्या ग्लासभर ताकात दोन-अडीच ग्रॅम लॅक्टोज असतं. गोड लस्सीचा हिशोब निराळा. ग्लासात २०० ग्रॅम दही असेल तर ७ ग्रॅमच्या आसपास, आणि वरून साय, खवा किंवा आइस्क्रीमचा गोळा आला की त्याहून जास्त.

पनीर, चीज, लोणी, तूप

दूध फाडून पनीर केलं की हिरवट पाणी, म्हणजे निवळी, वेगळी होते आणि बरंचसं लॅक्टोज तिच्याबरोबर जातं. पनीरच्या ५० ग्रॅम तुकड्यांत एक-दीड ग्रॅमच उरतं. मात्र तीच निवळी पौष्टिक म्हणून कणकेत किंवा रश्श्यात वापरली, तर लॅक्टोज घरातच राहतं. दही फडक्यात टांगून काढलेल्या चक्क्याचं असंच आहे. पाणी गळून जातं, म्हणून श्रीखंड दह्यापेक्षाही सौम्य.

मुरवलेल्या चीजमध्ये उरलंसुरलं लॅक्टोजही जिवाणू संपवतात. पिझ्झा-सँडविचमधल्या प्रक्रिया केलेल्या चीजमध्ये आणि चीज स्प्रेडमध्ये मात्र वरून दुधाची पावडर किंवा निवळीची पावडर घातलेली असू शकते. तिथे पाकीट वाचावं.

तूप बंद करण्याचं लॅक्टोजपुरतं काही कारण नाही. लोणी धुऊन कढवताना उरलेलं थोडंसं लॅक्टोज पाण्यात आणि बेरीत जातं. तूप कमी खायचं असेल तर ते वजन, कोलेस्टेरॉल किंवा हृदयाच्या कारणासाठी, पोट फुगण्यासाठी नाही.

खवा, रबडी, कंडेन्स्ड दूध : इथे जपून

त्रास होतो तो बहुधा इथे. एका मध्यम गुलाबजामला १५ ग्रॅम खवा लागला असं धरलं, तर एकट्या गुलाबजाममध्ये तीन ग्रॅमच्या वर लॅक्टोज झालं. तीन-चार खाल्ले की आपण १२ ग्रॅमच्या खुणेशी पोचतो. दूध आटवून निम्मं केलं की वाटीतलं लॅक्टोज दुप्पट होतं. रबडी तर त्याहून घट्ट. रमजानच्या रात्री मालपुव्यावर रबडीचा थर, त्यानंतर फिरनीची मातीची वाटी, आणि निघताना फालूदा असा फेरफटका झाला, तर पोटाने तक्रार केली म्हणून त्याला दोष देता येत नाही. फालूद्याच्या एका ग्लासातच दूध आणि आइस्क्रीम मिळून १० ग्रॅमच्या आसपास लॅक्टोज जातं.

शीरखुर्म्याचा हिशोब

पाठ करायला सोपा नियम : एक लिटर दुधात सुमारे ५० ग्रॅम लॅक्टोज असतं. दूध कितीही आटवा, पातेल्यातला आकडा बदलत नाही. फक्त तो किती वाट्यांत वाटला गेला, ते पाहायचं.

एक लिटर दुधाचा शीरखुर्मा दहा लहान वाट्यांत वाढला, तर एका वाटीत ५ ग्रॅम. हे बहुतेकांना सोसण्यासारखं आहे. आता त्याच पातेल्यात दाटपणासाठी ४०० ग्रॅमचा कंडेन्स्ड दुधाचा डबा ओतला, तर त्यातून आणखी ४८ ग्रॅमच्या आसपास येतं, म्हणजे जवळजवळ दुसरं एक लिटर दूध घातल्यासारखंच. वाटीतलं प्रमाण १० ग्रॅमवर जातं. वरून १०० ग्रॅम खवा टाकला, तर आणखी २०-२५ ग्रॅम, म्हणजे वाटी १२ ग्रॅमपर्यंत पोचली.

आणि ईदच्या दिवशी आपण एकाच घरी थांबत नाही. नमाजनंतर घरची एक वाटी, मग चाचांकडे, मग शेजारी, मग सासुरवाडीला. दोन-तीन तासांत चार वाट्या होतात. त्रास बऱ्याचदा एका वाटीने होत नाही, त्या चार वाट्यांच्या बेरजेने होतो. ज्यांना दूध सोसत नाही त्यांनी घरी एक वाटी नीट, समाधानाने खावी, आणि पुढे प्रत्येक ठिकाणी दोन चमच्यांवर भागवावं किंवा नुसता सुकामेवा उचलावा.

घरातल्या पातेल्याचं लॅक्टोज कमी करायचे उपायही आहेत. कंडेन्स्ड दूध आणि खव्याऐवजी बदाम, काजू, खसखस आणि चारोळी वाटून घातली की दाटपणा येतो. थोडं दूध कमी करून त्या जागी बदामाचं दूध घालता येतं. कोकणातल्या मुस्लिम घरांत सांदण आणि इतर गोडाधोडात नारळाचं दूध पूर्वीपासून वापरलं जातं. त्यात लॅक्टोज नसतंच.

बाजारात लॅक्टोज-फ्री दूधही मिळतं. ते खरं दूधच असतं. त्यात लॅक्टेज घालून साखर आधीच तोडलेली असते, म्हणून ते जरा जास्त गोड लागतं. शीरखुर्म्यात ते वापरलं तर साखर थोडी कमी घाला. डायबेटिस असलेल्यांनी एवढं लक्षात ठेवावं की "लॅक्टोज-फ्री" म्हणजे "शुगर-फ्री" नाही. साखर तुटलेली असते, गेलेली नसते.

लॅक्टेजचे थेंब आणि गोळ्याही मिळतात. थेंब थंड दुधात घालून ते रात्रभर फ्रिजमध्ये ठेवायचं आणि दुसऱ्या दिवशी वापरायचं. उकळत्या दुधात घातले तर उष्णतेने त्यांचं काम संपतं. हे द्रव्य सहसा बुरशी किंवा यीस्टपासून बनवतात. मात्र कॅप्सूलचं कवच जिलेटिनचं असू शकतं. म्हणून पाकिटावरची हिरवी खूण आणि घटकांची यादी पाहूनच घ्यावं, किंवा थेंब वापरावेत.

रमजानमध्ये काय सांभाळायचं?

दिवसभराच्या रोजानंतर पोट रिकामं असतं. अशा वेळी गुलाबाचं सरबत घातलेलं थंड दूध एका दमात प्यायलं, तर लॅक्टोज झपाट्याने पुढे सरकतं आणि तरावीहच्या वेळेला पोटात गडबड सुरू होते. तेवढंच दूध जेवणानंतर सावकाश घेतलं तर त्रास कमी होतो. इफ्तारला खजूर, पाणी, फळं, लिंबू किंवा सब्जाचं सरबत घ्या. दूध हवंच असेल तर नमाज आणि जेवण झाल्यावर अर्धा कप.

सहरीला दूध-शेवई किंवा मोठा ग्लास दूध घेऊन सकाळभर पोट बिघडत असेल, तर त्या जागी दही-पोहे, दही-भात किंवा ताक आणि नाचणीची भाकरी करून पाहा. सहरीनंतर जुलाब लागले तर शरीरातलं पाणी कमी होतं आणि रोजा अवघड जातो. त्यामुळे नवा प्रयोग सहरीला नको. तो रमजानच्या आधी एखाद्या सुट्टीच्या दिवशी करून बघावा.

आणखी एक गोष्ट. महिनोन्‌महिने दूध सोडलेल्या माणसाने एकदम ग्लासभर प्यायलं तर त्रास जास्त होतो. रोज थोडं-थोडं, पाव कपापासून सुरुवात करून काही आठवड्यांत वाढवत नेलं, तर मोठ्या आतड्यातले जिवाणू सरावतात आणि अनेकांना पूर्वीपेक्षा जास्त सोसू लागतं.

पाव, बिस्किटं, पाकिटं आणि औषधं

बेकरीचा साधा पाव बहुधा दुधाशिवायच होतो. मिल्क ब्रेड, शीरमाल, मावा केक, क्रीमची बिस्किटं यांत दूध किंवा पावडर असते. प्रमाण सहसा थोडं असतं. मावा केक तेवढा बेतानेच. नानकटाई तुपाची किंवा डालड्याची असेल तर तिच्यात लॅक्टोजचा फारसा प्रश्न नसतो.

पाकीटबंद पदार्थावर दुधाचा घटक असेल तर तसं लिहिणं भारतात २०२० च्या लेबल नियमांनुसार बंधनकारक आहे. घटकांच्या यादीत मिल्क सॉलिड्स, स्किम्ड मिल्क पावडर, व्हे पावडर हे शब्द दिसले की लॅक्टोज आहे असं समजा. यादीत ते जितके वर, तितकं प्रमाण जास्त. लॅक्टिक ॲसिड हा शब्द दिसला तर घाबरू नका, ते लॅक्टोज नाही. जिमला जाणारी मुलं जी प्रोटीन पावडर घेतात, त्यात व्हे कॉन्सन्ट्रेट प्रकारात लॅक्टोज शिल्लक असतं, आयसोलेट प्रकारात अगदी कमी.

अनेक गोळ्यांमध्ये भर म्हणून लॅक्टोज वापरतात. ते सहसा एक ग्रॅमहूनही कमी असतं. त्या कारणाने बीपी, थायरॉइड किंवा इतर कुठलीही गोळी स्वतःच्या मनाने बंद करू नका. शंका असेल तर डॉक्टरांना विचारा.

दोन गोष्टींची गल्लत करू नका

लॅक्टोज न पचणं वेगळं आणि दुधाची ॲलर्जी वेगळी. ॲलर्जी दुधातल्या प्रथिनांची असते आणि ती लहान मुलांत जास्त दिसते. अंगावर पित्तासारख्या गाठी येणं, ओठ-डोळे सुजणं, उलट्या, धाप लागणं ही तिची लक्षणं. अशा मुलाला थोडंसं दूधही धोक्याचं ठरू शकतं. त्याला लॅक्टोज-फ्री दूध, दही, पनीर काहीच चालत नाही आणि तूपही डॉक्टरांना विचारूनच द्यावं. श्वास अडकत असेल तर घरगुती उपाय न करता थेट रुग्णालयात न्या.

दुसरी गल्लत तान्ह्या बाळांच्या बाबतीत होते. आईच्या दुधात लॅक्टोज सगळ्यात जास्त असतं आणि बाळाचं शरीर त्यासाठीच तयार असतं. बाळाला जन्मजात लॅक्टेज नसणं ही अत्यंत दुर्मिळ गोष्ट आहे. बाळाला जुलाब झाले म्हणून कुणाच्या सांगण्यावरून अंगावरचं दूध तोडू नका. जागतिक आरोग्य संघटनाही जुलाबात स्तनपान चालू ठेवायलाच सांगते. मोठ्या जुलाबानंतर काही मुलांना थोडे दिवस वरचं दूध सोसत नाही, कारण आतड्याचा थर सोललेला असतो. तो भरून आला की बहुतेकांचं पचन पूर्ववत होतं.

दूध कमी केलं तर कॅल्शियम कुठून?

भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या २०२० च्या शिफारशीप्रमाणे प्रौढ माणसाला रोज १००० मिलिग्रॅम कॅल्शियम हवं. ग्लासभर दुधातून त्यातलं सुमारे ३०० मिलिग्रॅम मिळतं. दूध कमी केलं तर ती जागा भरून काढावी लागते. दही, ताक आणि पनीर चालू ठेवलं तर अर्धं काम तिथेच होतं. १०० ग्रॅम नाचणीत साडेतीनशे मिलिग्रॅमच्या आसपास कॅल्शियम असतं. तीळ, शेवग्याचा पाला, राजगिऱ्याची भाजी आणि काट्यासकट खाल्ली जाणारी लहान मासळी, सुकट हेही चांगले स्रोत आहेत. गोश्त-भातावर भर असलेल्या घरांत हे पदार्थ आठवड्यातून तीन-चार वेळा तरी दस्तरखानावर यायला हवेत.

डॉक्टरकडे केव्हा जायचं?

घरी ओळखायचं असेल तर दोन आठवडे दूध, खवा, आइस्क्रीम, मिठाई बंद करा आणि काय खाल्लं, काय झालं हे लिहून ठेवा. त्रास थांबला आणि पुन्हा दूध घेतल्यावर परत आला, तर शंका पक्की होते. खात्री करायला हायड्रोजन श्वास चाचणी असते. उपाशीपोटी लॅक्टोजचं पाणी पाजून काही तास श्वास तपासतात. ती रोजात करता येत नाही, म्हणून रमजानच्या आधी किंवा नंतर ठरवा.

वजन घटणं, शौचातून रक्त जाणं, ताप, रात्री झोपेतून उठवणारे जुलाब, रक्त कमी होणं, मुलाची वाढ खुंटणं ही लॅक्टोजची लक्षणं समजू नका. अशा वेळी दूध सोडून वाट पाहत बसायचं नाही. लगेच तपासणी करून घ्यायची.

दूध ही अल्लाहची मोठी नेअमत आहे. सूरह नहलमध्ये तिचा उल्लेख आहे. ती सोडायची गरज बहुतेकांना नसते, आपलं माप ओळखायची असते. आणि यजमानांना एक विनंती. पुढच्या ईदला कुणी "मला थोडंच द्या" म्हणालं, तर आग्रह करू नका. लहान वाटी ठेवा, शेजारी खजूर-बदाम ठेवा. मेहमाननवाजी त्यातही पूर्ण होते.